डोळ्यांपाशी थांबलेलं चित्र

आमच्या पहिल्या कॉम्प्युटरबरोबर जपानी कार्टूनच्या चित्रांची एक सीडी मिळाली होती. चित्र वरून खाली हळूहळू उमटायचं. आधी आभाळ, मग केस, मग भलेमोठे डोळे. एका मुलीचं चित्र मात्र डोळ्यांपाशीच अडकायचं, कारण सीडीवर ओरखडा होता. ताई म्हणायची, ती हसतेय. मी म्हणायचो, रडतेय. अर्धंच दिसलं की माणूस उरलेलं आपल्या स्वभावानं भरून काढतो.

परवा ऑपरेशननंतर ताई माझ्याकडे विश्रांतीला आली, तेव्हा कपाटात ती सीडी सापडली. तिनं ती ओढणीच्या टोकानं पुसली, मधून बाहेर, अगदी पूर्वीसारखी. माझ्या आताच्या कॉम्प्युटरच्या ड्राइव्हनं ती निमूट वाचली आणि चित्र क्षणात पूर्ण उघडलं. मुलीच्या तोंडावर मफलर गुंडाळलेला होता.

"घे," मी म्हटलं, "एवढी वर्षं भांडलो, आणि आता हे."

ताई पडद्याजवळ सरकली. सलाइनच्या सुईनं तिचा हात अजून काळानिळा होता.

"हसतेय रे," ती म्हणाली. "डोळे बघ की."

मी ताईकडे बघितलं, आणि पहिल्यांदाच वाद घातला नाही.