सवाष्ण गेली

आत्या मुरबाडला, सिद्धगडाच्या पायथ्याच्या एका गावात दिलेली. मूलबाळ नव्हतं. नवऱ्याने घरात दुसरी आणून ठेवली तशी ती शहापूरला आमच्याकडे परत आली, आणि डोकं पांढरं झाल्यावर एक दिवस तिने घटस्फोटाचा अर्ज केला. वकील पोटगीचं विचारायचे. ती मान हलवायची. "ते नको. मला मोकळं करा, झालं."

केस कल्याणच्या कोर्टात होती. तारखेला मी सोबत जायचे. नवरा कधी यायचा, कधी नाही. परतताना ती विचारायची, "आता किती राह्यलं गो?" मी पुढची तारीख सांगायचे. शेवटी तिचा जबाब झाला, आणि वकील म्हणाले, आता फार नाही. त्याच पावसाळ्यात ती लावणीवरून ताप घेऊन आली आणि आठवड्याच्या आत गेली.

निरोप गेला तसा नवरा मुरबाडहून आला. हातात हिरवं लुगडं, हिरवा चुडा. शेजारणी म्हणाल्या, "सवाष्ण गेली. नशीब लागतं." मी मागच्या पडवीत जाऊन वकिलांना फोन लावला.

"निकाल लागला नव्हता ना," ते म्हणाले, "मग कायद्याने ती त्याची बायकोच."

"मग मी चालवते केस पुढं."

"जमिनीचा दावा असता तर वारस उभे केले असते. नवऱ्यापासून सुटका तिच्यासाठी तुम्ही कशी मागणार? ती केस तिच्याबरोबरच संपली."

परत आले तोवर तिला हिरवं नेसवलं होतं. कपाळभर कुंकू. मी बाबांना म्हटलं, "तिला हे नको होतं."

"माहीत हाय," ते म्हणाले. "पन लोकांना आता काय सांगू?"

अग्नी नवऱ्याने दिला.

पुढच्या तारखेला मी मृत्यूचा दाखला घेऊन गेले. शिपायाने तिचं नाव पुकारलं. वकील दोन वाक्यं बोलले, न्यायाधीशांनी दाखला पाहिला, काहीतरी लिहून घ्यायला सांगितलं, आणि लगेच दुसऱ्याच कुणाचं नाव पुकारलं गेलं. मी बाहेर आले, पुन्हा आत जाऊन बसले. कुणाशी तरी भांडावंसं वाटत होतं, पण चूक कुणाची दाखवणार?

पुढच्या वर्षी पितृपक्षात नवऱ्याचा फोन आला. नवऱ्याआधी गेलेल्या बायकांचं अविधवा नवमीला करतात. तो तिच्या नावाने पान वाढणार होता, आम्ही यावं म्हणत होता. बाबांनी सगळं ऐकून घेतलं.

"तुमी करा तुमचं," ते म्हणाले. "आमी तिचं अमावास्येला करू, आमच्या गेलेल्या मानसांसोबत. नवमीला आमच्यातलं कोन येनार नाय."

फोन ठेवून ते अंगणात येरझाऱ्या घालायला लागले. आईने जेवायला हाक मारली, तरी आले नाहीत. मी जवळ जाऊन उभी राहिले.

"बरोबर बोललो ना?"

मी हो म्हटलं. ते मान हलवून पुन्हा चालायला लागले.