पाच सूत आणि विषय क्रमांक चार

गेल्या रविवारी सकाळी आमच्या सोसायटीची मीटिंग झाली, लालबागला, बिल्डिंगच्या पार्किंगमध्ये. विषय क्रमांक चार होता, 'सोसायटीची बदनामी करणारे निनावी पेज, कारवाईबाबत.' ते पेज माझं. मी कुठल्या खुर्चीवर बसलो होतो ते सांगणार नाही.

दीड वर्ष झालं, नाव न लावता आमच्या टॉवरबद्दल लिहितोय. बंद पडलेला पंप, गच्चीच्या दाराला घातलेलं कुलूप... मोजल्याशिवाय एक ओळ टाकत नाही, आणि मोजतो तीनदा. शाळा फारशी झाली नाही. जे येतं ते मॅन्युअल समोर आणि डिक्शनरी मांडीवर घेऊन शिकलोय. अभिमान आहे मला त्याचा.

फोटोत माझी बोटं, चपला, सावली येऊ देत नाही. लिहिलेलं लगेच टाकत नाही, नाहीतर ड्युटीच्या वेळा लोक ताडतील. ह्या पोस्टमधली नावं आणि मजलेसुद्धा बदललेत... खोटा आकडा लिहायचा म्हणजे जिवावर येतं, पण इलाज नाही.

मागच्या महिन्यात बी विंगची लिफ्ट नवव्या मजल्यावर लादीच्या खाली थांबायला लागली. एक आजी काठी टेकत बाहेर पडताना अडखळल्या, मनगट मोडलं. कमिटी म्हणाली, वय झालं, तोल गेला असेल. मी मोजलं आणि लिहिलं: लिफ्ट पाच सूत खाली थांबते. आठ सुतांचा एक इंच, म्हणजे अर्ध्या इंचाहून जास्त.

तर मीटिंग. सेक्रेटरी गरजले, "नाव लपवून लिहितो तो भित्रा! मर्द असेल तर समोर ये!" टाळ्या पडल्या. आणि बोट रोखलं ते श्रद्धावर... अकराव्यावर भाड्याने राहते, दिवसभर लॅपटॉपवर काम. "हिच्याशिवाय कुणाला जमणार हे असलं? मालकांना सांगतो, ॲग्रीमेंट रिन्यू करू नका."

"काका, मला लिफ्टमधलं फक्त बटण कळतं," ती म्हणाली. "सूत म्हणजे काय ते गूगल केलं मी. कापसाचं आलं." आणि आपला फोन तिने त्यांच्या टेबलावर ठेवला. "घ्या, तपासा."

लोक हसले. पण पोरीचा आवाज कापत होता...

माझी रोजी ह्या प्रकरणात अडकलेली आहे. कशी, ते विचारू नका. नाव बाहेर आलं की सोमवारी घरी बसायची पाळी. पण माझ्या लिहिण्यापायी हिचं राहतं घर जाणार असेल, तर खड्ड्यात गेलं नाव. उठायचं ठरवलं होतं, खरं सांगतो.

उठण्याआधी एक करून बघितलं. फोन मांडीवर धरून पेजवर टाकलं: "मी इथेच बसलोय. जिच्यावर आळ घेताय तिचा फोन तुमच्यासमोर आहे. पट्टी घ्या आणि नवव्यावर चला."

टिंग, टिंग, टिंग... अख्ख्या पार्किंगभर. सगळ्यांनी एकदम फोन बाहेर काढले. शोधा आता, कोण टाइप करत होतं ते!

सेक्रेटरींनी टेबलावरच्या फोनकडे बघितलं, मग वळले आबांकडे. आबा जुने गिरणीतले फिटर. "आबा, सूत तर तुम्हीच म्हणता. तुमचं काम ना हे?"

दीड वर्ष बोटं लपवली, सावली लपवली, आणि माप मात्र लिहिलं ते माझ्याच तोंडातलं! आजकाल सूत म्हणतो कोण?

आबा शांतपणे उठले, घरून स्टीलची पट्टी मागवली. आम्ही पंधरा-वीस जण दुसऱ्या लिफ्टने दोन फेऱ्यांत नवव्यावर. आबांनी वाकून पट्टी लावली. "साडेचार. मी लिहिलं असतं तर साडेचार लिहिलं असतं. हा कुणीतरी अडाणी आहे."

अडाणी! तीनदा मोजलंय मी! "आबा, पट्टी तिरकी धरलीत," एवढं अगदी जिभेच्या टोकावर आलं होतं... गिळलं. शिव्या खाणं सोपं हो. आपलं बरोबर माप चूक ठरताना गप्प उभं राहायचं, ह्याला जास्त छाती लागते.

साडेचार की पाच, पायरी सगळ्यांनी डोळ्यांनी पाहिली. श्रद्धाची माफी कुणी मागितली नाही, पण ॲग्रीमेंटचं नावही पुन्हा निघालं नाही. बुधवारी लिफ्ट दुरुस्त झाली.

काल आबा नाक्यावर भेटले. "पाचच होते रे. तो सेक्रेटरी सुतावरून स्वर्ग गाठायला निघाला होता, म्हणून अर्धा कमी सांगितला. ह्यापुढे मिलिमीटर लिही, शहाण्या." हे लिहू का विचारलं, तर म्हणाले, "लिही की, मला ह्या वयात कोण कामावरून काढतोय!" आबा, तुमचे उपकार मोजायला माझ्याकडे पट्टी नाही.

आणि भित्रा म्हणणाऱ्यांना एकच सांगतो. आपल्याकडे नाव कळलं की लोक आधी आडनाव वाचतात, मग मजला, मग मालक की भाडेकरू... आकड्यापर्यंत कुणी पोचतच नाही. दहा वर्षं नावानिशी अर्ज दिले, एकदाही कुणी पट्टी आणली नाही. नाव काढून टाकलं तेव्हा आली.

सेक्रेटरीसाहेब, तुम्ही हे वाचताय, मला माहीत आहे. सी विंगच्या जिन्यातला आगीचा दरवाजा आपला आपण बंद होत नाही. आधी तो बघा... मला सावकाश शोधा.