लतिकाताईंची कात्री

इंदिरानगरात पिठाच्या गिरणीवर एक खोली आहे. तिथे बसून लतिकाताई कलाकारांवरच्या माहितीपटांचं संकलन करतात. हेडफोन डोक्यावर कायम. जेवायलाही तशाच बसतात असं त्यांचे यजमान सांगतात, आणि ते काही खोटं नाही. बाई स्वभावाने तिखट. पण पडद्यावरच्या माणसाला अगदी माहेरचं समजणार. कुणा गवयाचा ठसका, कुणा चित्रकाराचं अडखळणं, सगळं हलक्या हाताने काढून टाकतात. आपल्या माणसाचं चारचौघांत हसू होऊ नये, एवढंच त्यांचं शास्त्र.

हरसूलकडचे कोंडाजी बोहाड्यात, म्हणजे गावच्या सोंगांच्या उत्सवात, नाचवायचे मुखवटे करायचे. त्यांच्यावरची फिल्म तयार होण्याआधीच ते गेले. मग दिग्दर्शक महेशने त्यांच्या पत्नीला, रंगूबाईंना, फिल्म दाखवायला खोलीवर आणलं. घरच्यांनी एकदाची मान डोलावली की तो मोकळा. लतिकाताईंचा मात्र जीव टांगणीला लागला होता, ही बाई सुखावेल ना?

रंगूबाईंनी पदर सावरून शेवटपर्यंत पाहिलं. मग म्हणाल्या, "लय छान बोलत्यात. पर माझ्याशी बोलतच नाय."

लतिकाताईंना चटकन उमगलं. चित्रीकरणात बोलता बोलता काही आठवेनासं झालं, की कोंडाजी आतल्या घराकडे मान वळवून विचारत, "अगं, त्या साली वाघाचं सोंग कुणी नाचवलं व्हतं?" रंगूबाई आतून सांगत, की गाडी पुढे सुरू. म्हातारा विसराळू दिसू नये म्हणून ताईंनी अशी एकूण एक हाक वेचून कापली होती. केलं मायेपोटीच, पण त्या मायेने एका बाईचा अख्खा संसार फिल्ममधून उडवला. त्यांना स्वतःचाच भयंकर राग आला.

"कापलेलं सगळं आहे माझ्याकडे," त्या घाईघाईने म्हणाल्या. "परत लावते."

"लांबी वाढेल हो, ताई," महेश कुरकुरला.

"तुझी ड्रोनमधली गोदावरी उडवते. तिला काय, रोज बघतोय आपण."

ताईंनी तिथल्या तिथे पहिली हाक जोडली आणि स्पीकरचा आवाज मोठा केला. पडद्यावर कोंडाजी बोलता बोलता थांबले, त्यांनी मान वळवली.

"अगं, हायस का?"

रंगूबाई खुर्चीतून अर्धवट उठल्या.

"हाय की हितंच," त्या म्हणाल्या. "काय इसरला?"