बाकावर बसायचं नाही

रफूताई डावरी होती, आणि त्याचं तिच्या आईने जन्मभर वाईट वाटून घेतलं. लहानपणी डाव्या हातात पेन्सिल दिसली की चापट बसायची. पुढे त्याच हाताने तिने घर चालवलं, पण आईचं मत काही बदललं नाही.

ड्रायक्लीनिंगच्या दुकानात, काचेला लागून एक स्टूल आणि एक दिवा, ही तिची जागा. कोटाला कसरीने पाडलेलं भोक असो की सिगरेटने जळलेली पँट, त्याच कपड्याच्या आतल्या शिवणीतून ती दोरे उपसायची आणि भोक असं विणून टाकायची की गिऱ्हाईक कापड उजेडात धरून विचारायचं, “कुठे होतं हो?” त्यावर “आता मलाही सापडायचं नाही,” असं म्हणताना तिची मान जरा जास्तच ताठ व्हायची. असू दे. तेवढा तोरा तिने कमावलेला होता.

मग मूत्रपिंडांनी दगा दिला. डायलिसिससाठी हातातली शीर धमनीला जोडून घ्यावी लागते, त्याच हातात पुढे सुया टोचतात. “तुमचा कमी कामाचा हात कुठला?” डॉक्टरांनी विचारलं. “उजवा घ्या,” ती म्हणाली, “तो नुसता जोडीला दिलाय देवाने.” त्यामुळे अख्ख्या वॉर्डात उजव्या हाताला सुया असलेली ती एकटीच. सिस्टरला तिचं मशीन मुद्दाम दुसऱ्या बाजूला फिरवून लावावं लागायचं. पहिल्या दिवशी सिस्टर कुरकुरली, नंतर सवयीची झाली.

या एका उलट्या मशीनमुळे पुढचं सगळं घडलं. तिच्या डाव्या बाजूच्या खुर्चीत एक बस ड्रायव्हर बसायचा. तो उजव्या हाताचा, म्हणून त्याच्या सुया डाव्या हाताला. त्याचं मशीन पलीकडे, हिचं अलीकडे, आणि मधे दोघांचे मोकळे हात शेजारी शेजारी. आठवड्यातून तीनदा, दर वेळी चार तास. हात मोकळा असून करायचं काय? दोघंही आढ्याकडे बघत बसायची.

एके दिवशी ड्रायव्हरने लेकीचा जुना व्हिडिओ गेम आणला. हातात धरून खेळायचा, लेक नोकरीला लागल्यापासून कपाटात पडलेला. आणला खरा, पण खेळायला दोन हात हवेत हे साहेबांच्या लक्षातच नव्हतं! डावीकडे बाण, उजवीकडे बटणं. एका हाताने बाण दाबला तर गडी नुसताच पुढे चालायचा आणि पाण्यात पडायचा.

रफूताई थोडा वेळ ही गंमत बघत होती. मग म्हणाली, “दादा, तो जेवणाचा ट्रे मधे ओढा. त्यावर ठेवा. तुम्ही चालवा, मी बटणं दाबते.”

“तुम्हाला येतं?”

“बटणं? आयुष्य गेलं माझं बटणं लावण्यात.”

अशी ती जोडी जमली. खेळ साधा होता. बेटावर अंधार पडलाय, धक्क्यावर एक छोटा दिवेवाला उतरतो, आणि त्याने घरोघरी दिवे लावत डोंगराच्या माथ्यापर्यंत जायचं. दोघं त्याला ‘गडी’ म्हणत. ड्रायव्हर वळणं घ्यायचा, रफूताई उडी मारायची आणि वात पेटवायची. एकाने चुकवलं की दोघांचाही गडी बुडणार. “जरा आधी सांगत जा ना, वळताय ते!” ती खेकसायची. “सांगतो काय! एवढी वर्षं गाडी चालवली, मागच्या प्रवाशाने एकदा तक्रार केली नाही.” “उतरल्यावर करत असतील.”

वाटेत जागोजागी लाकडी बाक होते. गड्याला बाकावर बसवलं की खेळ तिथपर्यंत जतन व्हायचा, नाहीतर बंद केल्यावर सगळी मेहनत पाण्यात. हे त्या दोघांच्या इतकं अंगात भिनलं की एकदा ड्रायव्हरचं ब्लडप्रेशर उतरलं, घाम फुटला, डोळे फिरायला लागले, तरी हा बाण सोडेना. “आधी बाक,” पुटपुटत राहिला. आणि रफूताई, बाई शहाणी म्हणावी तर तीही बेल दाबायची सोडून गड्याला बसवायच्या मागे! सिस्टर धावत आली, खुर्ची मागे टेकवली, पाय वर केले, आणि तो शुद्धीवर आल्यावर दोघांना अशी झापली की शेजारच्या खुर्चीतल्या आजोबांनीही निमूट चष्मा पुसायला घेतला. पुन्हा असं केलं तर खेळ खिडकीबाहेर टाकीन, असं तिने बजावलं. टाकला मात्र नाही. उलट आपल्या टेबलाच्या खणात तिनेच त्याला चार्जिंगची जागा करून दिली.

वर्ष उलटलं. गडी डोंगराच्या अर्ध्याहून वर गेला. तिथल्या एका बाकावरून खाली बघितलं की त्यांनी लावलेले सगळे दिवे दिसायचे. खेळताना आपण आजारी आहोत हे रफूताई विसरायची नाही, एवढी काही ती भोळी नव्हती. पण मंगळवार यायचा म्हटल्यावर पूर्वी सोमवारची झोप उडायची, ती आता लागू लागली होती.

आणि मग ड्रायव्हरला किडनी मिळाली. बायकोचीच जुळली. वॉर्डात सगळ्यांचे चेहरे फुलले. रफूताईला मनापासून आनंद झाला आणि त्याच मनातून रडूही आलं. ते तिने कोणाला दाखवलं नाही. तिच्या घरात जुळणारं कोणी नव्हतं. पण तिला हेवा त्याचा वाटत नव्हता. तिला त्या रिकाम्या होणाऱ्या खुर्चीची भीती वाटत होती.

शेवटच्या दिवशी त्याने खेळ तिच्या मांडीवर ठेवला. “तुमच्याकडेच राहू दे. पण माझी बाजू तशीच ठेवा हं ताई. माथ्यावरचा दिवा दोघं मिळून लावू.”

“तुमच्यावाचून मी कुठली पुढे जातेय,” ती म्हणाली.

ऑपरेशन नीट झालं. तो लेकीकडे, दुसऱ्या गावी राहायला गेला. तिथून रविवारी फोन यायचा. “ताई, आज पेलाभर पाणी प्यालो! एका दमात! कोणी ओरडलं नाही!” डायलिसिसवर चमच्याने मोजून पाणी पिणाऱ्या बाईला हे ऐकून काय वाटलं असेल ते तिलाच ठाऊक. ती म्हणाली, “अजून एक प्या, माझ्या वाटचं.” फोन ठेवायच्या आधी तो न चुकता विचारायचा, “गडी सांभाळताय ना?”

सांभाळत होती. दर वेळी खेळ चालू करून गडी बाकावर बसलाय एवढं बघायची आणि बंद करायची.

त्याच्या खुर्चीत नवी आली ती एक पोहणं शिकवणारी. तिशीतली, उंच, खांदे रुंद. डॉक्टरांनी सध्या तलावात उतरायला मनाई केली होती, आणि तो राग ती बघेल त्याच्यावर काढत होती. सिस्टरशी भांडली, वजनकाट्याशी भांडली. चार तास पुरे व्हायच्या आधीच म्हणायची, “काढा सुया, मला जायचंय.” दोनदा तशीच उठून गेली. सिस्टर रफूताईच्या कानाशी म्हणाली, “ही टिकणार नाही हो. अर्धवट डायलिसिस करून किती दिवस काढेल?”

ते शब्द रफूताईच्या जिवाला लागले. पुढच्या वेळी तिने ट्रे मधे ओढला.

“तुझा उजवा हात रिकामा आहे ना? हे बाण धर.”

“मावशी, मी काय लहान आहे का?”

“मी आहे. मला करमत नाही. धर.”

डोंगरावरच्या अवघड वाटेवर नवख्या माणसाला चालवता येणं शक्यच नव्हतं. म्हणून रफूताईने नवा खेळ सुरू केला, अगदी धक्क्यापासून. पोहणारीने गड्याला धडाधड पाण्यात घातलं. “पोहायला शिकवतेस म्हणे,” रफूताई म्हणाली, “आधी याला शिकव.” पोरगी हसली. त्या वॉर्डात पहिल्यांदा हसली. आणि त्या दिवशी चार तास पुरे बसली.

पुढे पहिला बाक आला. पोहणारी गड्याला तिकडे नेऊ लागली तसं पडद्यावर अक्षरं उमटली: इथे बसल्यास आधीचा खेळ पुसला जाईल. खेळ जुनाट, जतन करायला जागा एकच.

रफूताईने बटणावरचं बोट उचललं. “नको. बाकावर बसायचं नाही.”

“मग पुढच्या वेळी?”

“पुढच्या वेळी पुन्हा पहिल्यापासून. हात बसेल तुझा.”

ताकाला जाऊन भांडं लपवायचं, तसला हा प्रकार. हात बसणं वगैरे सगळा बहाणा. पण बाईने तो चालवला. दर वेळी तोच धक्का, तेच पहिलं घर, तोच पहिला दिवा. चार तास संपले की खेळ बंद, आणि लावलेले सगळे दिवे गुल. वर डोंगरावरच्या बाकावर ड्रायव्हरचा गडी मात्र सुखरूप.

पोहणारीने काही दिवस सोसलं. मग एका गुरुवारी ती आलीच नाही. खुर्ची रिकामी, मशीन बंद, सिस्टर फोन करून थकली. रफूताईचा जीव टांगणीला लागला. सुया हाताला होत्या, नाहीतर उठून तिचं घर गाठलं असतं. घर कुठे आहे हे तिला ठाऊक नव्हतं, हा भाग वेगळा.

शनिवारी आली. चेहरा सुजलेला, धाप लागलेली, बोटं फुगून अंगठी रुतलेली. सिस्टरने सुया लावल्या. रफूताईने ट्रे ओढला तसा तिने हाताने परत ढकलला.

“मला नाही खेळायचं. कंटाळा आलाय मला पहिल्यापासूनचा. इथे यायचं, रक्त साफ करायचं, दोन दिवसांत पुन्हा घाण. पुन्हा यायचं, पुन्हा पहिल्यापासून. तेवढं पुरे नव्हतं का, मावशी? हा गडीपण तसाच?” तिचा आवाज फुटला. “मी लावलेला एक दिवा तरी राहू द्यायचा होतात.”

रफूताईने ट्रेवरचा हात काढून घेतला. एवढी वर्षं दुसऱ्यांची भोकं बुजवत आलेली बाई, आणि इथे आपणच एक पाडत होतो हे तिला दिसलं नव्हतं.

तिने सगळं सांगितलं. ड्रायव्हरचं, डोंगराचं, माथ्यावरच्या दिव्याचं. “त्यांचा खेळ आहे गं तो. राखून ठेवायला सांगितलाय त्यांनी.”

पोहणारीने डोळे पुसले. ऐकता ऐकता तिचा राग विरला होता. तिने अगदी साधेपणाने विचारलं, “मग ते परत येणारेत का इथे?”

“नाही गं बाई!” रफूताई एकदम म्हणाली. “कधीच न येवोत!”

बोलली आणि स्वतःशीच थबकली. कारण हा खेळ असा दोघांत एक खेळायचा तो हात अडकलेल्यांनी. बरा झालेला माणूस दोन्ही हातांनी एकटा खेळेल, नाहीतर खेळणारच नाही. ड्रायव्हरची बाजू राखायची म्हणजे त्याच्या डाव्या हाताला सुया राखून ठेवायच्या, त्याची खुर्ची राखून ठेवायची. इतके महिने आपण मायेने काय जपत बसलो, ते तिला आत्ता कळलं.

“ट्रे ओढ,” ती म्हणाली.

धक्का, पहिलं घर, दुसरं घर. पोहणारीचा हात आता खरंच बसला होता, गडी एकदाही पडला नाही. बाक आला. इथे बसल्यास आधीचा खेळ पुसला जाईल. खाली दोन पर्याय, ‘नाही’ आणि ‘हो’. खूण आपली ‘नाही’वर. ती हलवायची तर बाण लागतो, आणि बाण पोहणारीच्या बाजूला. पक्कं करायचं तर बटण, ते रफूताईच्या.

“मावशी, नक्की?”

“हलव तू.”

खूण ‘हो’वर गेली. रफूताईने मनात डोंगरावरचे सगळे दिवे एकदा पाहून घेतले आणि डाव्या हाताने बटण दाबलं. गडी बाकावर बसला. मागे फक्त दोन घरांत उजेड होता. पोहणारी त्या दोन घरांकडे किती तरी वेळ बघत राहिली, आणि त्या दिवशी तिने सुया काढा म्हणून घाई केली नाही.

दुसऱ्या दिवशी रविवार. फोन वाजला.

“काय ताई, गडी सांभाळताय ना?”

“पुसला, दादा.”

“काय?”

“आपला खेळ पुसला. तुमच्या खुर्चीत नवी मुलगी आलीय, तिच्याबरोबर पहिल्यापासून सुरू केलाय. तुमची बाजू तिला दिली.”

रफूताईने फोन कानाशी घट्ट धरला. रागावला असेल, तर रागावू दे, असं ती मनाला बजावत होती, पण डोळे ऐकत नव्हते.

“ताई,” शेवटी तो म्हणाला, आवाज अगदी खाली, “खरं सांगू? मला रोज भीती वाटते. पाय जरा सुजला की वाटतं, गेली हीपण किडनी. मग मी मनाला म्हणायचो, गेली तर गेली. तिथे ताई आहेत, आपला गडी बाकावर बसलाय. परत जाऊन बसू.”

“आता तसं म्हणायचं नाही,” रफूताई म्हणाली. “इथे आता तुमचं काहीएक ठेवलेलं नाही मी. गोळ्या वेळेवर घ्या.”

“घेतो,” तो म्हणाला.