एक हिसका म्हणजे पक्षी

समजा, आज रात्रीची सहल तुम्हालाच न्यायची आहे. तलावाच्या बांधावर दहा-बारा माणसं उभी आहेत, एकमेकांना अनोळखी. कुणाच्या अंगात नवंकोरं जाकीट आहे, तर कुणी चपला घालूनच आलंय, कारण सूचना वाचायची सवय कुणालाच नसते. सगळ्यांचे मोबाइल तुम्ही खिशात ठेवायला लावलेत. तुमच्या हातात एकच टॉर्च आहे, तिच्या काचेवर लाल जिलेटिनचा कागद रबरबँडनं बसवलेला. पांढरा उजेड एकदा डोळ्यांत गेला की अंधार पुन्हा पहिल्यापासून शिकावा लागतो. चंद्र नाही. आता या माणसांना खाली झाडीत न्यायचं. कुणी घसरता कामा नये, कुणी बोलता कामा नये, आणि वाळक्या पानासारखा दिसणारा एक पक्षी त्यांना दाखवायचा. दाखवायचा म्हणजे आधी ऐकायचा. रात्री डोळे उशिरा पोचतात, कान आधी.

आणि समजा, तुम्हाला ऐकूच येत नाही.

माझी आत्या दोन हिवाळे हे काम असंच करत होती, आणि कुणाला पत्ता नव्हता.

तिला सगळेच आत्या म्हणतात. पाहुणे म्हणतात, तलावाचा रखवालदार म्हणतो, एकदा तर तिच्याहून वयानं मोठे असलेले एक गृहस्थसुद्धा म्हणून गेले. तिचं आयुष्य बाटल्यांच्या कारखान्यात गेलं. रिकाम्या बाटल्या पट्ट्यावरून खणखणत येतात, मागे उजेड असतो, काचेत चीर दिसली की ती बाटली उचलून बाजूला टाकायची. रात्रपाळी तिनं मागून घेतलेली, कारण दिवसा घरात माझी आजी अंथरुणाला खिळलेली होती. पाळी सुटली की ती तलावाच्या बांधावरून चालत घरी यायची. "कारखान्यातून निघाले तरी कानात बाटल्या वाजतच राहायच्या," ती सांगते. "बांधापाशी आले की त्या हळूहळू गप्प व्हायच्या, आणि मग पक्षी सुरू व्हायचे."

असे ती पक्षी शिकली. आधी आवाज, कितीतरी वर्षांनी नावं. लांबवर कुणी लाकडावर पटापट ठोकतंय असं वाटलं की तो रातवा, तोच वाळक्या पानासारखा पक्षी. जोडप्याचं भांडण लागल्यासारखं वाटलं की पिंगळे. आणि एक होता, त्याचं नाव तिला कधीच कळलं नाही. तलावाच्या पलीकडच्या अंगाला, झाडीत, तो एक बारीक शिट्टी घालायचा. मग इतका वेळ गप्प की वाटावं, गेला. मग परत एक, जराशी उतरती. आत्या त्याला शिट्टीवाला म्हणायची. तो तिला दिसला नाही कधी, पण घरी जाताना तिला सोबत त्याचीच असायची.

कारखान्यातून निवृत्त झाल्यावर तिला रात्री झोप येईना. काका, म्हणजे तिचे यजमान, बसवर कंडक्टर होते आणि बोलायला कुणाला ऐकायचे नाहीत. ते म्हणाले, "मला एकट्याला जागं ठेवण्यापेक्षा दहा जणांना ठेव. निदान ते तिकीट काढून येतील." ते थट्टेत म्हणाले, तिनं मनावर घेतलं. काकांकडे व्हॅन आणि कॉफीचे थर्मास. मी इलेक्ट्रॉनिक्स शिकलेली, म्हणून माझ्याकडे दुर्बीण, तिची मोटर आणि नोंदणी. बाकी सगळं आत्या.

सुरुवात ती आभाळापासून करते. बांधाच्या सपाट भागावर चटया टाकून सगळ्यांना उताणं झोपवते, आणि डोळे अंधाराला सरावेपर्यंत तारे दाखवते. सप्तर्षी, त्यावरून ध्रुव, मग कृत्तिकांचा तो धुरकट पुंजका. तिथं ती हमखास सांगते, "पुसट चांदणी बघायची तर तिच्याकडे रोखून बघू नका, लाजते. जरा बाजूला बघा, आपणहून दिसेल." मी एकदा डोळ्यातल्या पेशींबद्दल सांगून त्यामागचं शास्त्र समजावायला गेले, तर ती म्हणाली, "तेच म्हटलं मी."

मग दोरी येते.

पहिल्याच वर्षी एक पाहुणा चरात पडला आणि मुरगळलेला पाय घेऊन घरी गेला. दुसऱ्या दिवशी आत्यानं गच्चीवरची कपडे वाळत घालायची जाड सुती दोरी सोडून आणली. तेव्हापासून झाडीत शिरताना सगळ्यांनी एका रांगेत ती धरायची. पुढचं टोक आत्याच्या मनगटाला, शेवटचं माझ्या हातात. बोलायचं नाही. पक्षी ऐकू आला तर एक हिसका. अडचण असेल, थांबायचं असेल, तर दोन.

एक हिसका बसला की आत्या थांबून कुजबुजत विचारायची, "कुठून? आणि कसा, ठोकल्यासारखा की भांडल्यासारखा?" पाहुणे सांगायचे, आणि ती नाव सांगायची. लोकांना वाटायचं, काय छान शिकवतात! स्वतः आधी सांगत नाहीत, आपल्याला ऐकायला लावतात.

मला कळलं ते दुर्बिणीमुळे. मोटरची बॅटरी संपत आली की ती बारीक, सतत टुंई करते. एका संध्याकाळी ती आत्याच्या मांडीजवळ किती तरी वेळ ओरडत होती, आणि आत्या शांतपणे टॉर्चला कागद बांधत बसली होती. मी तिच्याकडे पाहिलं. तिनं माझ्याकडे पाहिलं.

"कधीपासून?" मी विचारलं.

"बाटल्यांनी कान हळूहळू नेले गं," ती म्हणाली. "कुणाला बोलू नकोस. ऐकू न येणारी वाटाडी म्हणजे डोळे मिटून गाडी हाकणारा ड्रायव्हर. कोण बसेल मागे? आणि हे सुटलं तर मी रात्रीचं काय करू?"

मी बोलले नाही. काकांना तर संशयही नव्हता. "माझं बोलणं तिला लग्नापासूनच ऐकू येत नाही," ते म्हणायचे. "त्यात नवीन काय?"

गेल्या हिवाळ्यात एक तरुण बेकरीवाला बायकोला घेऊन आला. चटईवर पडल्या पडल्या त्याला जांभया सुरू झाल्या.

"रोज रात्री भट्टीसमोर टक्क जागे असता," बायको म्हणाली, "आणि इथं आभाळाखाली झोपताय? दोरीनं बांधून ठेवीन."

"अगं, छताशिवाय रात्र पहिल्यांदाच बघतोय. डोळे दिपले."

त्यानंच आत्याला विचारलं, तुम्ही सगळ्यात आधी कुठला पक्षी ऐकलात? एरवी आत्या टाळते, पण त्या रात्री ती शिट्टीवाल्याबद्दल बोलली. ओठांचा चंबू करून शिट्टीसुद्धा घालून दाखवली. "आता बरेच दिवस नाही ऐकला," एवढंच म्हणाली, आणि उठून दोरी उलगडायला लागली.

झाडीत शिरून थोडं पुढे गेलो असू. दोरीला एक हिसका बसला. आत्या थांबली. त्या दिवशी कसली घाई झाली तिला कोण जाणे, शिट्टीवाल्याच्या आठवणीनं असेल, तिनं नेहमीचा प्रश्न विचारलाच नाही. "रातवा," ती कुजबुजली. "नर आहे. ऐका, कसा ठोकतोय."

सगळ्यांनी कान टवकारले. काही नाही. पानसुद्धा वाजत नव्हतं.

"आत्या, माफ करा हं," बेकरीवाला चाचरत म्हणाला. "बुटाची नाडी सुटली म्हणून मी वाकलो. हिसका चुकून बसला."

"मग रातवा कुठाय?" मागून कुणीतरी विचारलं.

"नाडीवर बसलाय!" दुसरा म्हणाला, आणि सगळी रांग खिदळली. दोरी माझ्या हातात हसण्यानं थरथरत होती. फक्त पुढचं टोक स्थिर होतं.

तिला वेळ मारून नेता आली असती. पुढे कुठे तरी आहे, म्हणाली असती तर सगळ्यांनी मानलं असतं. पण तिनं टॉर्च लावली आणि लाल उजेड स्वतःच्या चेहऱ्यावर धरला.

"मला ऐकू येत नाही," ती म्हणाली. "तुम्ही बोलता ते येतं, पण पक्ष्यांचे आवाज नाही. दोन वर्षं झाली. लोक ओढतात, मी नाव सांगते. कुणाला फसल्यासारखं वाटत असेल तर सांगा, गाडी परत नेऊ. राग मानणार नाही मी."

हसणं कधीच थांबलं होतं. मी पुढे जायला निघाले, तेवढ्यात बेकरीवाल्याची बायको म्हणाली, "म्हणजे आजवर जे कुणी ऐकलं, ते ज्याचं त्यानंच ऐकलं?"

"हो."

"मग चला की पुढे. आम्हाला येतंय ऐकू."

आत्यानं टॉर्च विझवली. मग दोरी हलली, आणि आम्ही चालायला लागलो.

त्यानंतर दोरीला जे हिसके बसू लागले ते विचारू नका. गळाला एकदम दहा मासे लागल्यासारखे. बेडूक, डुलणारा बांबू, कुणाच्या तरी पोटातली गुरगुर, सगळ्याला हिसका. आत्या प्रत्येक वेळी विचारायची, "कुठून? कसा?" आणि खरा रातवा सापडलाच. वाटेच्या मधोमध बसला होता, लाल उजेडात त्याचे डोळे निखाऱ्यासारखे पेटलेले. तो उडेपर्यंत कुणी श्वास सोडला नाही.

परत येताना, बांध चढायच्या जरा आधी, एकच हिसका बसला. सावकाश, पण पक्का.

"आता काय, दुसरी नाडी?" आत्यानं विचारलं.

"नाही," बेकरीवाला म्हणाला. "पाण्याच्या पलीकडून. शिट्टी. बारीक." थोडं थांबून तो म्हणाला, "एक. आणि मग कितीतरी वेळानं अजून एक. दुसरी जराशी उतरती."

त्याच्या बायकोनं काही ऐकलं नव्हतं. मीही नाही. शेवटी होते मी, आणि माझ्या पायाखाली खडी वाजत होती. आम्ही तिथंच थांबून राहिलो, थंडीनं नाकं गळायला लागली तरी. पुन्हा काही आलं नाही. आत्यानं त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि म्हणाली, "चला, कॉफी गार होईल."

आता ती सहलीच्या सुरुवातीलाच सगळं सांगते, आणि लोक कमी झाले नाहीत, उलट दोरी धरायला भांडतात. कानाची तपासणीही झाली. यंत्र आलं. पहिल्या दिवशी तिनं काकांना म्हटलं, "अहो, तुम्ही इतकं बोलता?" काका दोन दिवस गप्प होते. यंत्रानं रातवा परत आणला, पिंगळेही. सगळ्यात बारीक आवाजांचं मात्र काही होणार नाही, असं तपासणाऱ्या बाईंनी स्पष्ट सांगितलं.

मी पलीकडच्या झाडीत रेकॉर्डर बांधून ठेवला, रात्रीमागून रात्री. कॉम्प्युटरवर आवाजाचं चित्र काढून तिला दाखवलं. वारा होता, बेडूक होते, कुठल्या तरी पंपाची घरघर होती. एका जागी वर, बारीक आवाजांच्या पट्ट्यात, एक पुसट डाग होता. तो काहीही असू शकतो, मी म्हणाले. तिनं चष्मा लावून तो निरखला. "माझ्या गुडघ्याच्या एक्स-रेसारखं दिसतंय हे," ती म्हणाली.

"सरळ त्या बेकरीवाल्यालाच विचार ना," मी सुचवलं.

ती गेलीसुद्धा. त्यानं तिला ओळखलं, आत बोलावलं, भट्टी दाखवली. गरम बनांची पिशवी घेऊन ती परत आली. विचारलंच नव्हतं.

"का गं?"

"काय विचारू? ऐकला असेल तर 'हो' म्हणेल. माझी फजिती झाली त्याच्यामुळे, म्हणून मन राखायला बोलला असेल, तरी 'हो'च म्हणेल. भला पोरगा आहे. मी आपली कडेकडेनं बघत होते त्याच्याकडे, चांदणीकडे बघावं तसं. दिसलं नाही काही."

तिनं एक बन मोडून अर्धा माझ्या हातात दिला. यंत्र काढून ओट्यावर ठेवलं, कारण चावताना त्यात फार कुरकुर होते.

"तू होतीस ना चटईवर," ती म्हणाली. "मी शिट्टी घालून दाखवली तेव्हा, नीट आठवून सांग, दुसरी उतरती घातली होती का गं मी?"