पडद्याकडे पाठ
मामांच्या दोन्ही डोळ्यांची मोतीबिंदूची ऑपरेशनं बीडला एकामागून एक व्हायची होती, म्हणून ते चकलांब्याहून बीडजवळ पालीला माझ्याकडे येऊन राहिले. पहिलं ऑपरेशन झालं. आता काळा चष्मा लावून दिवसभर नुसतं बसायचं, पेपर वाचायचा नाही, टीव्ही पाहायचा नाही. तिसऱ्या दिवशी ते म्हणाले, "बाई, तू त्या कॉम्प्युटरवर जे काई करतीस, ते मोठ्यानं तरी वाच."

मी घरी बसून जर्मनमधून इंग्रजीत भाषांतरं करते. बहुतेक वेळा यंत्रांची माहितीपत्रकं असतात. त्या महिन्यात मात्र वेगळंच काम आलं होतं. परदेशातल्या एका बाईला तिच्या आजोबांच्या टाइप केलेल्या आठवणी सापडल्या होत्या. आजोबा मुक्या सिनेमाच्या काळात जर्मनीत चित्रपट काढायचे. नातीला जर्मन येत नव्हतं. मी इंग्रजीत लिहायची आणि दुपारी तेच मामांना मराठीत सांगायची.

मामांना हे सांगण्यात एक गंमत होती. त्यांनी उमेदीची सगळी वर्षं जत्रांमधून तंबूतला सिनेमा चालवला होता.

तो जर्मन माणूस मुळात टोप्या विकायचा. शेजारचा गाळा रिकामा झाला, तेव्हा त्यानं तिथं खुर्च्या मांडल्या, भिंतीवर चादर ताणली आणि खेळ सुरू केले. लोक रोज नवं मागायला लागले, तसा तो स्वतःच चित्रपट काढू लागला. पुढे त्यानं काचेच्या छताचा स्टुडिओ बांधला. एकदा तर हिंदुस्थानातल्या राजाची गोष्ट काढली. देऊळ प्लास्टरचं, हत्ती सर्कशीतला. शूटिंगच्या दिवशी हत्तीनं राजवाड्याचं गवती छप्पर खाऊन टाकलं.

मामा इतके हसले की डोळ्यांना ताण येईल म्हणून मला थांबावं लागलं. "राजवाड्याला गवताचं छप्पर! कुनी सांगितलं रे तुला?" ते त्या गेलेल्या माणसालाच विचारत होते.

मग बोलपट आले. निर्मात्यानं लिहिलं होतं, हे खूळ वर्षभरात उतरेल, लोकांना पडद्यावरची बडबड नको असते. मी हसले. मामा हसले नाहीत.

"आमी बी टीव्हीला हेच म्हनलतो," ते म्हणाले.

त्याची कंपनी बुडाली. त्यातून सावरतो तोच सरकार बदललं आणि त्याच्यासारख्या ज्यू माणसाला सिनेमाच्या धंद्यात जागाच उरली नाही. त्याच्या जुन्या चित्रपटांवरून त्याचं नाव काढून टाकण्यात आलं. बायको आणि लहान मुलीला घेऊन त्यानं देश सोडला. नव्या देशात भाषा येत नव्हती. एका थिएटरात दारावर तिकिटं फाडायचं काम मिळालं, ते त्यानं म्हातारपणापर्यंत केलं.

शेवटच्या पानावर एक वाक्य होतं: लोक आत बसले की मी रोज पडद्याकडे पाठ करून उभा राहायचो. मला वाटलं, दुसऱ्यांचे चित्रपट त्याला बघवत नसणार. मी इंग्रजीत तसंच लिहिलं, थोडा कडवटपणा घालून. मामांनाही तसंच सांगितलं.

"न्हाई," मामा म्हणाले. "चुकलीस तू."

"कशावरून?"

"पडदा कशाला बघायचा? सिनेमा आपल्याला पाठ असतो. मानसं बघायची. कोन हसतंय, कोन पदर डोळ्याला लावतंय. मी तंबूत पडद्याच्या बाजूला, लोकांकडं तोंड करून बसायचो. त्या परास चांगला खेळ न्हाई."

मी ते वाक्य पुन्हा पाहिलं. मूळ शब्दांत कडवटपणा कुठेच नव्हता. तो मी घातला होता. मी तो काढला, वाक्य होतं तसं साधं ठेवलं आणि नातीला मेलमध्ये मामांचं म्हणणंही कळवलं.

दोन दिवसांनी उत्तर आलं. तिनं लिहिलं होतं की तिच्या आईला आपल्या वडिलांबरोबर सिनेमाला जायची लाज वाटायची, कारण ते मागे वळून अनोळखी लोकांच्या तोंडाकडे बघत बसायचे. आईनं शेवटपर्यंत त्यांना या गोष्टीची माफी दिली नाही. 'आता ती असती तर तिला तुमच्या मामांचं पत्र वाचून दाखवलं असतं.'

मी ते मामांना सांगितलं.

"पत्र कुठं? मी बोललो फकस्त," ते म्हणाले. मग काळा चष्मा नाकावर नीट बसवत, "तिला लिव्ह, आमच्या पोरी बी लाजायच्या."

मी तसं लिहिलं. दुसऱ्या डोळ्याचंही ऑपरेशन झाल्यावर डॉक्टरांनी काळा चष्मा काढायला सांगितलं आणि मामा सकाळच्या एसटीनं चकलांब्याला परत गेले.