बाग शिरूरची, फाटक दौंडकडे

आई कधी काही मागत नसे. म्हणून दुष्काळ सरल्यावर दोनेक वर्षांनी ती जेव्हा म्हणाली, "मला ती बाग एकदा दाखवून आण," तेव्हा मी लगेच रजेचा अर्ज टाकला. पुण्यात एका कचेरीत नवा कारकून होतो, आईला नुकतंच गावाहून माझ्याकडे आणलं होतं. अर्ज टाकण्याआधी वाटेची थोडी चौकशी केली असती, तर पुढचा मनस्ताप वाचला असता.

बाग म्हणजे नदीकाठची सार्वजनिक बाग. घोडनदी भीमेला मिळते त्या भागात, वाळूच्या बेटांसमोर, शिरूर तालुक्याच्या काठावर. गावाचं नाव मुद्दाम लिहीत नाही. तिथं आता या गोष्टीतल्या मंडळींची नातवंडं राहतात. हे गाव आईचं माहेर. दुष्काळी कामावर दीड वर्ष तिनं या बागेसाठी खडी फोडली, दगड वाहिले आणि दुपारी मिळणारी सुकडी खाल्ली. काम संपलं आणि बाग पुरी झालेली बघायची राहूनच गेली. त्यात ही बाग नदीच्या वरच्या अंगाला. आईच्या लहानपणी आमच्या लोकांनी पाणी भरायचं ते खालच्या अंगाला. आम्ही बौद्ध झालो त्यानंतरही वरच्या अंगाला उगाच जाऊन बसायची कुणाची छाती नव्हती. तिथं घटकाभर बसायचं, एवढंच तिला हवं होतं.

पहाटेच्या एसटीनं शिरूर गाठलं. न्हावऱ्याची गाडी 'आता येईल' असं तिघांनी तीनदा सांगितलं. ती आली तेव्हा मी स्टँडवरच्या सगळ्या जाहिराती पाठ केल्या होत्या. भजी मात्र गरम होती. न्हावऱ्यापासून पुढे कांद्याच्या रिकाम्या बैलगाडीत बसलो. तुम्ही तिकडे जाणार असाल तर बुडाखाली घोंगडी घ्या, हा माझा अनुभवाचा सल्ला.

दुपारी बागेशी पोचलो आणि समोर भिंत. पुरुषभर उंच, दगडी, दोन्ही टोकं थेट डोहात उतरलेली. फाटक कुठेच नाही. मी या टोकापासून त्या टोकापर्यंत दोनदा चालून आलो. शेजारच्या मळ्यात एक म्हातारे शेतकरी पिकाला पाणी द्यायला दारं धरत होते. त्यांना सगळे आप्पा म्हणत. त्यांनी शांतपणे सांगितलं की फाटक आहे, पण नदीच्या बाजूला. दोन्ही काठच्या गावांनी मिळून काम केलेलं, मंजुरी एकाच फाटकाची, आणि उद्घाटनाचे साहेब दौंडकडून येणार. मग फाटक त्यांच्या तोंडासमोर नको का?

"आन् या गावच्या लोकांनी आत कसं जायचं?" मी विचारलं.

"साहेब यून गेले की भिंत फोडायची हाय की," आप्पा म्हणाले.

माझ्या कपाळाची शीर उडायला लागली. चांगली भिंत बांधायची, ती फोडायचं आधीच ठरवायचं, आणि हे सांगताना चेहऱ्यावरची माशी हलू द्यायची नाही! आई मात्र भिंतीवरून हात फिरवत होती. एका फुगलेल्या दगडापाशी थांबून म्हणाली, हा बदलायला तिनं मुकादमाला दोनदा सांगितलं होतं.

आत जायचं तर पाण्यातून. गावची नाव काठावरच होती, पण नुकती रंगवलेली आणि साहेबांसाठी राखलेली. लोकांची ये-जा चालली होती काहिलीतून. काहील म्हणजे गूळ शिजवायची ती भली मोठी कढई. वल्हवणारे तात्या आईच्याच वयाचे, वरच्या अंगाला पाणी भरणाऱ्यांतले. दौंडच्या काठावर बाजाराची माणसं पोचवून ते परत येईपर्यंत तासभर गेला. मग आम्ही कढईत बसलो. काहील पुढे कमी जाते, गोल जास्त फिरते. मला बाग चार वेळा दिसली, चारही वेळा वेगळ्या दिशेला.

अखेर फाटक आलं. कुलूप नव्हतं. नुसती लाल फीत बांधलेली, उन्हानं पार विटलेली. साहेबांची तारीख दोनदा ठरून मोडली होती म्हणे. आई काहिलीतून उतरून पायऱ्या चढायला लागली, तसे तात्या अवघडले.

"बाई, साहेब आल्याबिगर आत पाय टाकायचा न्हाई. गावचा ठराव हाय."

मी तोंड उघडणार होतो. दिवसभराचा राग नीट रचून ठेवला होता. पण आई वळली आणि अगदी साध्या आवाजात म्हणाली, "तात्या, दीड वरीस हितंच पाय टाकत व्हते मी. डोक्यावर धोंडा व्हता तवा कुणी थांबवलं न्हाई."

आई फितीखालून वाकून आत गेली. फीत साहेबांसाठी शाबूत राहिली.

बागेत होतं काय? चार बाकं, सुकलेली गुलाबाची रोपं आणि कोरडं कारंजं. यासाठी मी रजा घालवली, असं क्षणभर मनात आलंच. आई बाकावर बसली, पदरानं तोंड पुसलं, नदीकडे बघत राहिली. मग भाकरीचं फडकं सोडलं. थोड्या वेळानं तात्याही आत आले आणि लांबच्या बाकाच्या कडेला टेकले. आईनं त्यांना अर्धी भाकरी आणि कांदा दिला. तात्यांनी ती घेतली आणि खाल्ली. मला रडू आलं, ते मी नदीकडे तोंड करून आवरलं.

परतीला एसटीचा जुगार नको म्हणून दौंडचा काठ धरला. तिथून खडखडत्या जीपमधून दौंड स्टेशन आणि पुढे प्रत्येक सिग्नलला थांबणारी पॅसेंजर. माझी कंबर दोन दिवस बोलत होती. कुणी मला विचारलं तर जाऊ नका असंच सांगत असे.

दुसऱ्या दिवशी चाळीतल्या शेजारणीनं आईला विचारलं, कुठं देवदर्शनाला गेला होता का?

"न्हाई," आई तांदूळ निवडता निवडता म्हणाली. "माझं काम बघाया गेले व्हते."